पार्श्वभूमी : वॉल्टर ब्रेनन यांचे तीन ऑस्कर आणि एक्स्ट्रांची मते

वॉल्टर ब्रेनन यांचा जन्म १८९४ मध्ये मॅसॅच्युसेट्समधील लिन येथे झाला. पहिल्या महायुद्धात त्यांनी फ्रान्समध्ये तोफखान्यात काम केले आणि १९२०च्या दशकात हॉलिवूडमध्ये ते गर्दीतले एक्स्ट्रा म्हणून रोजंदारीवर उभे राहू लागले. १९३०च्या दशकाच्या सुरुवातीला चित्रीकरणात झालेल्या अपघातात त्यांचे बरेचसे दात गेले. कवळी काढली की चाळिशीच्या आसपासचा हा माणूस सहज सत्तरीचा दिसे आणि म्हाताऱ्यांच्या भूमिका त्यांच्याकडे येत गेल्या.

सहाय्यक कलाकारांसाठी वेगळे ऑस्कर १९३६च्या चित्रपटांपासून सुरू झाले. अभिनेत्यांमध्ये तो पहिला मान 'कम अँड गेट इट'साठी ब्रेनन यांना मिळाला आणि त्यानंतर 'केंटकी' (१९३८) व 'द वेस्टर्नर' (१९४०) या चित्रपटांसाठी तो पुन्हा त्यांच्याकडे आला. मुख्य कलाकारांना पुतळा आणि सहाय्यकांना नुसता फलक, अशी तेव्हाची रीत होती.

वाद आहे तो मतदानाचा. १९३०च्या दशकाच्या उत्तरार्धात अंतिम मतदानाचा हक्क पुरस्कार देणाऱ्या संस्थेच्या सभासदांपुरता न ठेवता चित्रपट व्यवसायातील संघटनांना देण्यात आला. त्यामुळे हजारो एक्स्ट्रा मतदार झाले, आणि त्यांनी आपल्यातून वर आलेल्या माणसाच्या पारड्यात मते टाकली, असे तेव्हापासून बोलले जाते. पुढे एक्स्ट्रांचा हा हक्क काढून घेण्यात आल्यामुळे, निकालात काहीतरी खोट होती हे जणू सिद्धच झाले असे अनेकांनी धरून चालले. एक्स्ट्रांना ब्रेनन आपले वाटत असणार, हे मान्य करायला हरकत नाही. मात्र १९४१च्या 'सार्जंट यॉर्क'साठी त्यांना चौथे नामांकन मिळाले तेव्हाही एक्स्ट्रांचे मत शाबूत होते, आणि तरीही पुरस्कार दुसऱ्याला गेला. मतांचा गठ्ठा एवढा खात्रीचा असता, तर तो त्याच वर्षी कुठे गेला, याचे उत्तर आक्षेप घेणाऱ्यांनी दिलेले नाही.

'द वेस्टर्नर'मधील न्यायाधीश रॉय बीन पाहिल्यावर तर हा आक्षेप अधिकच अपुरा वाटतो. आपल्या लाडक्या अभिनेत्रीचा प्रयोग पाहण्यासाठी साऱ्या नाट्यगृहाची तिकिटे विकत घेऊन, जुना लष्करी गणवेश चढवून हा क्रूर म्हातारा रिकाम्या खुर्च्यांमध्ये एकटा बसतो, आणि त्याला फाशी देण्यासाठी दोर शोधणाऱ्या प्रेक्षकालाही त्या क्षणी त्याची कीव येते. ही भूमिका सहाय्यक म्हणावी एवढी लहान नव्हती, हा मुद्दा वेगळा आणि अधिक रास्त आहे.

त्यानंतरचे काम विपुल आहे. 'रेड रिव्हर'मध्ये (१९४८) त्यांचा स्वयंपाकी पत्त्यांच्या डावात आपली कवळीच हरतो आणि ती त्याला फक्त जेवणापुरती परत मिळते. 'रिओ ब्राव्हो'मध्ये (१९५९) तुरुंगाच्या दाराआड बंदूक घेऊन कुरकुरणारा लंगडा स्टम्पी त्यांनी केला. त्याच सुमारास, १९५७ ते १९६३ या काळात, एका दूरचित्रवाणी मालिकेतील आजोबा म्हणून ते घरोघरी पोहोचले. १९६०च्या दशकातील त्यांच्या कडव्या उजव्या राजकीय मतांमुळे अनेक चाहते दुखावले. १९७४ मध्ये कॅलिफोर्नियात त्यांचे निधन झाले. सहाय्यक अभिनेत्याचे तीन ऑस्कर आजवर दुसऱ्या कोणालाही मिळालेले नाहीत.