पार्श्वभूमी : मॅमिलारिया कुठे संपतो आणि कोकेमिया कुठे सुरू होतो

टेरेसी हा अंगठ्याच्या पेराएवढा निवडुंग. काटे पिसासारखे, आणि फूल स्वतःच्या अंगापेक्षा मोठं, जांभळं. १९६७ साली मेक्सिकोतल्या दुरांगो राज्यातून त्याचं वर्णन प्रसिद्ध झालं तेव्हा तो मॅमिलारिया या निवडुंग-गटात होता. २०२१ नंतर वनस्पतींच्या नावांच्या काही सूच्यांमध्ये तो कोकेमिया या दुसऱ्या गटात गेला. मधल्या चोपन्न वर्षांत रोपात काडीचा फरक पडलेला नाही, पण कुंडीतली नावाची पट्टी बदलायची की नाही यावर निवडुंगवाल्यांमध्ये अजून एकमत नाही. हा वाद २०२१ चा वाटत असला तरी त्याची मुळं बरीच मागे जातात.

आधी शब्दांचा एक गुंता. वनस्पतीच्या शास्त्रीय नावाचे दोन भाग असतात. मराठीत 'प्रजाती' हा शब्द कोणी त्यातल्या पहिल्या नावासाठी वापरतं, कोणी दुसऱ्या. म्हणून इथे पहिल्या नावाला वंश आणि दुसऱ्याला जाती म्हणतो. 'पिनकुशन' हे तर वंशाचं नावच नव्हे. टाचण्यांच्या उशीसारखा दिसणारा कोणताही बुटका गोल निवडुंग या नावाने विकला जातो. त्यात मॅमिलारिया असतो, कोरिफँथा असतो, एस्कोबारिया असतो. निवडुंगांशी काहीही संबंध नसलेल्या दक्षिण आफ्रिकेतल्या एका फुलझुडपालाही पिनकुशनच म्हणतात. ओळख पटवायला हे नाव बिनकामाचं.

लॅटिन नाव त्या मानाने बोलकं आहे. १७५३ साली वनस्पतींना दोन-दोन नावं देण्याची पद्धत रूढ झाली तेव्हा झाडून सगळे निवडुंग 'कॅक्टस' या एकाच वंशात कोंबलेले होते, एकूण २२ जाती. त्यातल्या एकीचं नाव मॅमिलारिस, म्हणजे बोंडांचा. या निवडुंगाच्या अंगावर धारा नसतात, एकेक सुटं बोंड असतं आणि बोंडाच्या टोकावर काट्यांची गादी. १८१२ साली एका इंग्रज अभ्यासकाने असे बोंडवाले निवडुंग वेगळे काढून मॅमिलारिया हा वंश केला. नावात दोन म की एक, यावरही पुढे शंभर वर्षं शाई सांडली. शुद्ध लॅटिनप्रमाणे एकच म हवा, पण मूळ लेखकाने दोन लिहिले आणि नियमाने तेच टिकले.

खरी अडचण दुसरीच निघाली. १८०९ मध्ये, म्हणजे तीनच वर्षं आधी, हेच नाव एका समुद्री शेवाळाला देऊन झालं होतं. आधी आलेलं नाव खरं, हा नियम काटेकोर लावला तर निवडुंगाचं नाव बाद. १९२३ साली निवडुंगांवरच्या मोठ्या अमेरिकी ग्रंथाचा चौथा खंड आला, त्याच्या लेखकांनी तो लावलाच. सगळे मॅमिलारिया एका झटक्यात निओमॅमिलारिया झाले. शिवाय फूल, फळ आणि बी पाहून त्यांनी वंशाचे तुकडे पाडले: डोलिकोथेले, बार्टशेला, सोलिसिया, फेलोस्पर्मा. निओमॅमिलारिया हे नाव जुन्या कॅटलॉगांत आणि पट्ट्यांवर आजही सापडतं. शेवटी नाव 'राखून ठेवण्याची' खास तरतूद वापरून निवडुंगांना मॅमिलारिया परत मिळालं. शेवाळाचं नाव मागे पडलं. नियमापुढे सोयीने बाजी मारली, आणि माझ्या मते ते योग्यच झालं.

आता ओळख कशी पटवायची ते. पहिला प्रश्न फूल कुठून येतं हा. मॅमिलारियाचं फूल बोंडाच्या टोकातून येत नाही, दोन बोंडांच्या बेचक्यातून येतं. त्यामुळे माथ्याभोवती फुलांचं कडं दिसतं. कोरिफँथाच्या बोंडावर वरच्या अंगाने एक चर असते आणि फूल माथ्याच्या मधोमध, कोवळ्या भागात उमलतं. भिंग घेऊन चर शोधायची. एक सावधगिरी: कोवळ्या कोरिफँथाला ती नसते, वय वाढल्यावर येते. या एकाच गोष्टीमुळे कितीतरी रोपं चुकीच्या पट्टीखाली मोठी झाली आहेत.

दुसरी कसोटी चिकाची. बारीक सुईने बोंड टोचलं की काहींतून दुधासारखा पांढरा थेंब येतो, काहींतून पाण्यासारखा. १८९८ च्या जर्मन वर्गीकरणात वंशाचे दोन मोठे गट याच थेंबावर पाडले होते. पण ही कसोटी कधीकधी फसवते. काही जातींत दूध फक्त खोडात असतं, बोंडात नसतं. थंडीत कोरड्या पडलेल्या रोपातून थेंब येतच नाही. तेव्हा एकदा टोचून निकाल देऊ नये. मग मधला काटा सरळ की गळासारखा वाकलेला ते पाहायचं. बोकासाना या जातीचा पांढरा कापूस बघून हात लावला की हा गळ बाहीत अडकतो आणि कुंडीसकट रोप फळीवरून खाली येतं. बीचा रंगही बघायचा, तपकिरी की काळा. आणि बोंडांच्या सर्पिल रांगा मोजायच्या: एका दिशेने ८ तर दुसऱ्या दिशेने १३, किंवा १३ आणि २१. ओळख पटवण्याच्या जुन्या तक्त्यांमध्ये हे आकडे असतात आणि ते अजून कामाला येतात.

१९८० च्या दशकापासून वारं उलट फिरलं. वर्गीकरणकारांच्या एका आंतरराष्ट्रीय गटाने तोडलेले वंश पुन्हा जोडायला घेतले. डोलिकोथेले, सोलिसिया, बार्टशेला, कोकेमिया सगळे मॅमिलारियात परतले. जातींचीही छाटणी झाली. १९३१ पासून गुलाबी फुलांसाठी लाडका असलेला झाइलमानियाना क्रिनिटात जमा झाला आणि ग्रासिलिस व्हेटुलाची उपजाती ठरला. तरीही वंशात दीडशेच्या वर जाती उरल्याच. विक्रेत्यांनी पट्ट्या बदलल्या नाहीत, पण एकाच रोपाला तीन नावं असण्याचा घोळ जरा कमी झाला. आम्ही निवडुंग शिकलो ते याच काळात, हेही कबूल करतो.

मग डीएनए आला. २००४ च्या अभ्यासात हरितलवकाच्या जनुकांवरून दिसलं की मॅमिलारिया हा एका पूर्वजाचा सलग वंश नाही. त्याच्या फांद्यांमध्ये कोरिफँथासारखे शेजारी घुसलेले आहेत. आता दोनच वाटा उरल्या. एक, सगळ्या शेजाऱ्यांना आत घेऊन मॅमिलारिया आणखी फुगवायचा. दुसरी, फांदीच तोडायची. २०२१ च्या निर्णयाने दुसरी वाट धरली. कोकेमिया हे नाव १८९९ पासून होतं. त्यात मेक्सिकोतल्या बाजा कॅलिफोर्नियाच्या चार-पाच जाती होत्या, नळीसारख्या लाल फुलांच्या, ज्यांवर हमिंगबर्ड येतात. त्या चिमुकल्या वंशात आता डायोइका, ग्राहमी, सबोए, ग्युल्झोवियाना आणि आपला टेरेसी आले. ओर्तेगोकॅक्टस हा एकाच जातीचा राखाडी वंश आणि निओलॉयडियाचा कोनॉइडियासुद्धा त्यात गेले.

मॅमिलारिया हे नाव ज्या जातीशी बांधलेलं आहे ती दुधाळ आहे. त्यामुळे वंश कुठेही तोडा, नाव दुधाळ गटाबरोबरच राहणार आणि बाजाच्या गटालाच घर सोडावं लागणार. नियमाचा भाग इतकाच, त्यात कोणाची लबाडी नाही. तक्रार वेगळी आहे. जुना कोकेमिया लांबून ओळखू यायचा. नवा कोकेमिया ओळखायला एकही लक्षण पुरत नाही: कुणाचं फूल नळीचं, कुणाचं पसरट, कुणाला गळाचा काटा, कुणाला पिसं, ओर्तेगोकॅक्टसच्या अंगाकडे बघून तर कोणीच नातं सांगू शकणार नाही. वंशावळ म्हणून मांडणी खरी असेल, पण हातात भिंग आणि सुई घेऊन बसणाऱ्याला ती दिसत नाही. विभाजनाच्या बाजूचे म्हणतात, नावाने नातं सांगावं, रूप नव्हे. म्हणणं बरोबर आहे. फक्त त्याचा खर्च पट्ट्या लिहिणाऱ्यांवर पडतो.

संग्राहकांनी यावर आपला तोडगा काढला आहे. पट्टीवर नावाच्या वर रानातला संग्रह क्रमांक, म्हणजे रोप किंवा बी रानातून गोळा करताना दिलेला क्रमांक, लिहायचा. नाव दर वीस वर्षांनी बदलतं, क्रमांक आणि ठिकाण बदलत नाही.

लागवडीचं वळण नावांपेक्षा कायद्याने जास्त दिलं. १९७५ पासून सगळे निवडुंग आंतरराष्ट्रीय व्यापाराच्या नियंत्रित यादीत आले. मॅमिलारियातली पेक्टिनिफेरा आणि सोलिसिऑइडिस ही दोन नावं तर सर्वांत कडक यादीत आहेत. रानातून उपटून आणलेल्या रोपांऐवजी बियांपासून वाढवलेली रोपं हाच मुख्य रस्ता झाला. ल्यूथी या जातीची १९५० च्या दशकात कोणीतरी छायाचित्रं टिपली होती, पण ती कुठे उगवते हे दशकानुदशके कळलं नाही. १९९६ साली नाव मिळालं आणि मग कलमांमुळे ती हातोहात पसरली.

बियांपासून वाढवलेली रोपं मोठ्या प्रमाणावर पीटमध्ये, म्हणजे दलदलीतल्या अर्धवट कुजलेल्या पाल्याच्या मातीत, येतात. तिथेच नव्या माणसाचं पहिलं रोप बळी जातं. पीट एकदा कडक वाळलं की पाणी वरून निसटतं, आणि एकदा भिजलं की आठवडाभर ओलं राहतं. आणल्यावर मुळांभोवतीचं पीट सोडवून खडे, प्युमिस (हलका सच्छिद्र दगड), भरड वाळू आणि थोडी माती यात लावायचं, आठवडाभर कोरडं ठेवायचं. नापिनासारख्या गाजरमुळ्याला खोल कुंडी, बाकीच्यांना उथळ चालते. थंडीत पाणी बंद, ऊन भरपूर. थंडीतली ही कोरडी विश्रांती चुकली की रोप लांबट होतं आणि फुलांचं कडं धरत नाही. पिठ्या ढेकूण बोंडांच्या बेचक्यात कापसाखाली लपतो, म्हणून लोकरी जाती तपासताना ब्रशने कापूस बाजूला करून बघावं. मुळांवरचा ढेकूण तर कुंडी बदलल्याशिवाय दिसतच नाही.

बहुतेक जातींत फूल गेल्यावर काही महिन्यांनी बेचक्यातून मिरचीसारखं लाल फळ वर येतं. मेक्सिकोत त्याला चिलितो म्हणतात आणि खातातही. टेरेसीचं फळ मात्र बाहेर येत नाही, अंगातच राहतं. बी हवं असेल तर सुकलेल्या फुलाचा दोरा शोधायचा आणि बारीक चिमट्याने बेचक्यात उकरायचं. मागच्या वर्षीच्या फळाचं बीही कधीकधी तिथेच सापडतं, तेही अजून रुजणारं.