आशालता वाबगावकर

आशालता वाबगावकर : (१९४१–२२ सप्टेंबर २०२०). मराठी संगीत रंगभूमीवरील गायिका-अभिनेत्री आणि मराठी व हिंदी चित्रपटांतील चरित्र अभिनेत्री. मूळच्या गोव्याच्या; शिक्षण आणि उमेदवारी मुंबईत. मालिकेच्या चित्रीकरणासाठी साताऱ्यात असताना त्यांना करोनाची लागण झाली आणि तिथेच त्यांचे निधन झाले.

‘दि गोवा हिंदू असोसिएशन’ या संस्थेतून त्या रंगभूमीवर आल्या. ‘संशयकल्लोळ’मधली रेवती ही त्यांची सुरुवातीची भूमिका. पण नाव झाले ते १९६४ साली आलेल्या वसंत कानेटकरांच्या ‘मत्स्यगंधा’ने. संगीतकार जितेंद्र अभिषेकी यांचेही हे पहिलेच नाटक. जुन्या नाट्यपदांतली लांबलचक तानबाजी आवरून शब्दाला जागा देणारी चाल त्यांनी इथे आणली आणि आशालताबाईंच्या गळ्याला ती नेमकी मानवली. ‘गर्द सभोवती रान साजणी’ ही मुळात बालकवींची कविता. आशालताबाई ती भावगीताच्या हळुवारपणाने गात. ‘अर्थशून्य भासे मज हा कलह जीवनाचा’ मात्र भारदस्त आणि ठाय, म्हणजे संथ लयीचे. एकाच नाटकात, एकाच पात्राच्या तोंडी दोन स्वभावांची पदे पेलणे सोपे नव्हे. नाट्यसंगीताच्या मैफलींतून ही दोन्ही पदे आजही म्हटली जातात. त्यांच्या आठवणींच्या पुस्तकाचे नावही ‘गर्द सभोवती’ असेच आहे.

रंगमंचावर नायिका असलेल्या या अभिनेत्रीला हिंदी पडद्याने मात्र पहिल्यापासूनच घरातल्या वडीलधाऱ्या बाईच्या खुर्चीत बसवले. बासू चटर्जी यांचा ‘अपने पराये’ (१९८०) हा त्यांचा पहिला महत्त्वाचा हिंदी चित्रपट. एकत्र कुटुंबाच्या त्या कथेत त्या थोरल्या जाऊबाई होत्या. वय चाळिशीच्या आतबाहेर. पुढे आई, सासू, मावशी, आजी अशाच भूमिका येत गेल्या. ‘वो सात दिन’ (१९८३), ‘अंकुश’ (१९८६), मराठीत ‘उंबरठा’ (१९८२) आणि ‘माहेरची साडी’ (१९९१) ही त्यांतली ठळक नावे. एकूण चित्रपट शंभरावर.

चरित्र अभिनेत्रीच्या वाट्याला बहुधा चार-पाच प्रसंग येतात: मुलाला ओवाळायचे, सुनेला बोलायचे, नाहीतर दारात उभे राहून वाट पाहायची. संवाद बेताचे, क्लोजअप त्याहून कमी. अशा वेळी वाक्य कुठे तोडायचे आणि स्वर कुठे खाली आणायचा, हे ज्याला कळते त्याचाच प्रसंग लक्षात राहतो. आशालताबाईंना हे गाण्याने शिकवले होते असे म्हणायला हरकत नाही. आरडाओरडा न करता रागावणारी आई ही त्यांची खासियत. त्यांच्या गळ्याचा उपयोग मात्र चित्रपटसृष्टीने फारसा करून घेतला नाही, ही चुटपुट लागण्यासारखीच गोष्ट.

सातारा जिल्ह्याला चित्रीकरण नवे नाही. वाईचे कृष्णेवरचे घाट आणि मेणवलीचा नाना फडणवीसांचा वाडा हिंदी चित्रपटांनी वारंवार वापरला. नंतर मराठी मालिकांचेही बस्तान इथे बसले. मुंबई-पुण्याहून हमरस्ता, शिवाय डोंगर, वाडे आणि शिवारे हाकेच्या अंतरावर, हे त्याचे साधे कारण. २०२० मध्ये टाळेबंदी सैल झाल्यावर मुंबईतली गर्दी टाळून काही निर्मात्यांनी युनिट गावोगावी हलवले. आशालताबाई काम करत होत्या ती ‘आई माझी काळूबाई’ ही मालिका त्यांतलीच. वाई तालुक्यातल्या मांढरदेवच्या काळूबाईवर ती बेतलेली, आणि निर्मिती अलका कुबल यांची. ‘माहेरची साडी’त अलका कुबल आणि आशालताबाई एकत्र होत्या.

पासष्टीपुढच्या कलावंतांना सेटवर येण्यास राज्य सरकारने आधी मनाई केली होती. ही अट ज्येष्ठांच्या पोटावर पाय आणणारी आहे, अशी तक्रार मुंबई उच्च न्यायालयात गेली आणि ऑगस्ट २०२० मध्ये न्यायालयाने ती अट रद्द केली. चरित्र भूमिका करणाऱ्यांचे वय बहुतेक त्याच्या पुढेमागेच असते, त्यामुळे या निकालाचा सर्वांत जास्त संबंध त्यांच्याशीच होता. पुढच्याच महिन्यात साताऱ्यातल्या या युनिटमधल्या वीसहून अधिक जणांना लागण झाली. त्यांत एकोणऐंशी वर्षांच्या आशालताबाईही होत्या. त्यांच्यावर साताऱ्यातल्याच रुग्णालयात उपचार झाले आणि अंत्यसंस्कारही तिथेच करण्यात आले. मालिका २०२१ मध्येही चालू होती.