टाइप बरोबर, डेटा चुकीचा

नेक्स्ट-जेएस या वेब-फ्रेमवर्कमध्ये एपीआय रूट (रिक्वेस्टला डेटाने उत्तर देणारा सर्व्हरवरचा पत्ता) लिहायला फार काही लागत नाही. रूट फाइलमधून गेट किंवा पोस्ट नावाचं फंक्शन एक्स्पोर्ट केलं की झालं. घोळ होतो तो टाइपस्क्रिप्टवर, म्हणजे टाइप (डेटाचे प्रकार) जोडलेल्या जावास्क्रिप्टवर, नको तितकं विसंबल्यामुळे. तिचे टाइप कंपाइल होतानाच पुसले जातात. सर्व्हरवर धावते ती निव्वळ जावास्क्रिप्ट. बाहेरून आलेल्या जेसनला (मजकुराच्या रूपातल्या डेटाला) ‘हे ऑर्डरच आहे’ असं कास्ट करणं, म्हणजे न तपासताच टाइप चिकटवणं, ही कंपायलरला मारलेली थाप. रक्कम "500" अशी स्ट्रिंग होऊन आली, तर तिच्यात 50 मिळवल्यावर 50050 होतात आणि एडिटरमध्ये लाल रेघ कुठेच दिसत नाही.

म्हणून झॉडसारख्या लायब्ररीत स्कीमा, म्हणजे डेटा कसा असावा याचं वर्णन, लिहायचा. धावत्या सर्व्हरवर हा स्कीमाच डेटा तपासतो आणि टाइपही त्याच्यावरूनच काढता येतो, म्हणजे दोन ठिकाणी दोन व्याख्या राहत नाहीत.

तपासणीचा क्रम महत्त्वाचा. आधी सेशन (लॉगिनची नोंद), नसेल तर 401 (‘ओळख पटली नाही’) हा कोड. मग इनपुट, चुकलं तर 400 (‘रिक्वेस्ट चुकीची’). उलट केलं, तर लॉगिन न केलेल्यालाही चुकांच्या संदेशांतून फील्डची नावं आयती कळतात.

खरी गफलत पुढे आहे. लॉगिन झालंय म्हणून वापरकर्त्याला ऑर्डर 17 दाखवली, पण ती त्याचीच आहे का? यूआरएलमध्ये 18 टाकून पाहणारे असतातच. वेब-सुरक्षेवर काम करणाऱ्या ओवास्प या संस्थेच्या 2021 च्या धोक्यांच्या यादीत अशा प्रवेश-नियंत्रणाच्या चुका पहिल्या क्रमांकावर होत्या. डेटाबेसच्या क्वेरीतच ऑर्डर आयडीसोबत वापरकर्त्याचा आयडी घाला. तो सेशनमधून घ्या, रिक्वेस्टच्या बॉडीतून कधीच नको. ऑर्डर सापडली नाही तर 404 (‘सापडलं नाही’) द्या. 403 (‘परवानगी नाही’) दिल्यास ‘अशी ऑर्डर आहे’ हे आपणच सांगून टाकतो.

ही सगळी तपासणी एकट्या मिडलवेअरवर, म्हणजे रूटच्या आधी चालणाऱ्या कोडवर, सोपवू नका. मार्च 2025 मध्ये नेक्स्ट-जेएसमधली एक त्रुटी जाहीर झाली: रिक्वेस्टमध्ये ठरावीक हेडर घातला की मिडलवेअर चालतच नसे. 15.2.3 आणि 14.2.25 या आवृत्त्यांत ती दुरुस्त झाली. ज्यांच्या रूटमध्ये स्वतंत्र तपासणी होती, त्यांचा डेटा तेव्हाही सुरक्षित होता.

उत्तर पाठवताना डेटाबेसमधली अख्खी रो उचलून देऊ नका, पासवर्डचा हॅशही (त्याचं सांकेतिक रूप) सोबत जाईल. लागतील तेवढीच फील्ड निवडा. आणि तारखांकडे लक्ष असू द्या. जेसनमध्ये तारखेचा प्रकारच नाही, त्यामुळे सर्व्हरवरचा डेट ऑब्जेक्ट ब्राउझरमध्ये स्ट्रिंग होऊन पोचतो. टाइप ‘डेट’च म्हणत राहतो, आणि महिना विचारला की पान कोसळतं. ब्राउझरकडेही उत्तर स्कीमातून गाळून तारीख पुन्हा तयार करावी लागते.