मूकपट वेगळा, निःशब्दपट वेगळा

गीतांजली राव यांचा ‘प्रिंटेड रेनबो’ (२००६) हा १५ मिनिटांचा ॲनिमेशनपट कुणाला दाखवला की हमखास ऐकू येतं, ‘अरे, हा तर मूकपट!’ नाही हो. यात संवाद नाहीत, एवढंच. आवाज असूनही ज्यात कुणी बोलत नाही, तो निःशब्दपट.

फाळक्यांचा ‘राजा हरिश्चंद्र’ ३ मे १९१३ ला गिरगावात कोरोनेशनमध्ये लागला, तो मूकपट. मूकपटात पात्रं भरपूर बोलतात. ओठ हलतात, हातवारे होतात आणि मग काय बोलणं झालं त्याची पाटी पडद्यावर येते. आवाज फिल्मवर नसायचाच. पेटी-तबलावाले पडद्यापुढे बसून वाजवायचे. १९३१ मध्ये ‘आलम आरा’ आला आणि चित्रपटाला वाचा फुटली. मुकेपण ही तंत्राची अडचण होती, कुणाची हौस नव्हे.

‘प्रिंटेड रेनबो’मध्ये पाटीची गरजच पडत नाही. मुंबईच्या उंच इमारतीत एक म्हातारी आणि तिचं मांजर. ती बोलणार कुणाशी? तिचं रोजचं जगणं करड्या रंगात आहे. जमवलेल्या काडेपेट्यांवरच्या चित्रात ती शिरते आणि पडदा रंगांनी भरून जातो. बाई काय मागतेय हे त्या एका बदलात कळतं. तिथे ‘मला इथून बाहेर पडायचंय’ असं वाक्य घातलं असतं, तर माझ्या मते सगळाच विचका झाला असता.

ओळखायची सोपी खूण म्हणजे आवाज बंद करून बघा. मूकपटाची गोष्ट तरीही पुढे सरकते. निःशब्दपट मात्र लंगडा पडू शकतो. ॲनिमेशन नसलं तरी ‘पुष्पक’ (१९८७) आठवा. कमल हासनचा बेकार तरुण श्रीमंताच्या जागी ऐषारामी हॉटेलात राहायला जातो आणि तिथल्या शांततेत त्याला झोपच येईना! शेवटी तो आपल्या जुन्या खोलीशेजारच्या थिएटरातला गोंगाट टेप करून आणतो, तो लावतो, तेव्हा कुठे डोळा लागतो. संवाद एकही नाही, पण हा प्रसंग आवाजाशिवाय कळणारच नाही.

फाळक्यांनी मात्र माझी ही विभागणी आधीच घोटाळ्यात टाकून ठेवली आहे. १९१५ च्या सुमारास त्यांनी आगपेटीतल्या काड्या जरा जरा सरकवत ‘आगकाड्यांची मौज’ केली. काळाने तो मूकपट. पण काड्यांना कुठले आलेत ओठ?