मूत्रपिंडविकारातील अफूजन्य वेदनाशामके

अफूजन्य वेदनाशामके, मूत्रपिंडविकारातील : मूत्रपिंडाचे कार्य मंदावलेल्या रुग्णात मॉर्फीन, कोडीन, ट्रॅमॅडॉल, फेंटॅनिल, ब्यूप्रेनॉर्फीन इ. औषधांची निवड, त्यांची मात्रा व दोन मात्रांमधील अंतर ठरविण्याची पद्धती. अफूपासून मिळणारी आणि त्याच धर्तीवर कृत्रिमरीत्या बनविलेली ही औषधे मेंदू व मज्जारज्जूतील म्यू ग्राहींवर (पेशींवरील, ही औषधे जिथे चिकटतात त्या ठिकाणांवर) काम करतात. दाहशामक गोळ्या मूत्रपिंडाला जशी थेट इजा करतात तशी ही करीत नाहीत. मात्र यकृतात त्यांची जी रूपांतरे होतात, त्यांतील काही लघवीवाटे बाहेर जायची असतात. मूत्रपिंड निकामी होऊ लागले की ती रक्तात साठतात आणि नेहमीची मात्रा हळूहळू विषारी ठरते. कोणते औषध चालेल हे त्यामुळे त्याच्या जोरापेक्षा त्याचे अवशेष कोणत्या वाटेने जातात यावर ठरते.

वेदनेसाठी पहिले औषध पॅरासिटामॉल. डायक्लोफेनॅक, अ‍ॅसिक्लोफेनॅक, आयबुप्रोफेन ही दाहशामके प्रोस्टाग्लँडिनांची निर्मिती रोखतात. परिणामी केशिकागुच्छाकडे (मूत्रपिंडातील रक्त गाळणाऱ्या सूक्ष्म वाहिन्यांच्या झुबक्याकडे) रक्त नेणारी सूक्ष्म रोहिणी आकसते व उरलेले गाळण आणखी घटते. सातारा-सांगलीच्या ऊसपट्ट्यात तोडणीच्या हंगामात घेतली जाणारी ‘अंगदुखीची गोळी’ बहुधा याच वर्गातील असते, आणि उन्हात घाम गाळून शरीरातील पाणी कमी झालेले असताना ती अधिक बाधते. दाहशामके वर्ज्य झाली आणि पॅरासिटामॉलने भागेना, की अफूजन्य औषधांचा विचार सुरू होतो. गर्भाशयमुखाच्या कर्करोगात तर दोन्ही संकटे एकदमच येतात. वाढलेली गाठ मूत्रवाहिन्या दाबते, लघवी तुंबून मूत्रपिंडे निकामी होतात आणि त्याच गाठीमुळे मॉर्फीनची गरज भासते. अशा रुग्णात मूत्रपिंडाची स्थिती आठवड्या-आठवड्याला पालटते. मागच्या सोमवारी बेताची असलेली मात्रा या सोमवारी जास्त झालेली असू शकते. उलट नळी घालून अडथळा दूर केल्यावर तीच अपुरी पडते.

मॉर्फीनचा शोध : प्राचीन भारतीय संहितांत अफूचा निःसंदिग्ध उल्लेख आढळत नाही. मध्ययुगीन वैद्यकग्रंथांत ती ‘अहिफेन’ या नावाने येते, आणि अरबांच्या व्यापारातून ती इकडे आली असावी हे मत सामान्यतः मान्य आहे. अफूतील क्रियाशील घटक प्रथम कोणी वेगळा केला, याविषयी मात्र वाद आहे. पॅरिसमध्ये शार्ल देरोन यांनी १८०३ च्या सुमारास अफूपासून स्फटिकी द्रव्य मिळविले. ते मॉर्फीनऐवजी मुख्यतः नार्कोटीन (अफूतील दुसरा एक घटक) असावे असे पुढील अभ्यासकांना वाटते. आर्मां सेगँ यांनी आपले काम १८०४ मध्ये वाचले, पण ते छापून यायला १८१४ उजाडले. जर्मनीत पाडरबोर्न येथील औषधशाळेत काम करणाऱ्या फ्रीड्रिख सेर्ट्युर्नर यांचे प्रयोगही याच सुमाराचे. काही ठिकाणी १८०३, काही ठिकाणी १८०४ किंवा १८०५ असे साल दिले जाते. त्यांचा सविस्तर लेख १८१७ चा. वनस्पतीतून मिळालेला पदार्थ अल्कधर्मी असू शकतो हे त्यांनी ओळखले आणि तो स्वतःवर व तीन तरुणांवर घेऊन पाहिला. अग्रक्रमाचा मान बहुतेक संदर्भग्रंथ त्यांनाच देतात, आणि ते योग्य दिसते.

ग्लुकुरोनाइडांचा वाद : मूत्रपिंड निकामी असलेल्या रुग्णांत मॉर्फीनचा अंमल लांबतो, श्वास मंदावतो, हे १९७० च्या दशकात नोंदले जाऊ लागले. कारणाबाबत मात्र दीर्घकाळ गोंधळ राहिला. मूत्रपिंड स्वतःच मॉर्फीनचे विघटन करीत असावे आणि ते बिघडल्याने मूळ मॉर्फीनच साठत असावे, असे एक मत १९८० च्या दशकाच्या पूर्वार्धात मांडले गेले. त्या वेळच्या किरणोत्सर्गी प्रतिरक्षामापन पद्धतींत एक उणीव होती : मॉर्फीन आणि त्याची ग्लुकुरोनाइडे (यकृतात ग्लुकुरॉनिक आम्ल जोडले जाऊन बनणारी रूपे) यांत त्या नेमका भेद करू शकत नसत. द्रव वर्णलेखनाने हे पदार्थ वेगवेगळे मोजता येऊ लागल्यावर चित्र पालटले. मूळ मॉर्फीनची पातळी फारशी वाढत नाही. वाढतात ती ग्लुकुरोनाइडे. ऑस्बॉर्न व सहकाऱ्यांनी १९८६ मध्ये मूत्रपिंडविकाराच्या रुग्णांतील विषबाधेचा संबंध मॉर्फीन-६-ग्लुकुरोनाइडाशी जोडला आणि आज तेच मत ग्राह्य धरले जाते.

यकृतात मॉर्फीनचा सुमारे निम्मा भाग मॉर्फीन-३-ग्लुकुरोनाइडात आणि १०-१५ टक्के मॉर्फीन-६-ग्लुकुरोनाइडात बदलतो. यांपैकी दुसरे वेदनाशामक आहे. म्यू ग्राहीला ते घट्ट बसते, पण रक्तातून मेंदूत सावकाश शिरते आणि तितक्याच सावकाश बाहेर पडते. निरोगी माणसात त्याचे अर्धायुष्य (रक्तातील पातळी निम्मी होण्यास लागणारा वेळ) काही तासांचे. अंतिम टप्प्यातील विकारात ते एक-दोन दिवसांपर्यंत लांबू शकते. पहिल्या दिवशी ठीक असलेला रुग्ण तिसऱ्या दिवशी गुंगीत जातो तो यामुळे. मॉर्फीन-३-ग्लुकुरोनाइड वेदना शमवीत नाही. प्राण्यांच्या मेंदूत ते थेट टोचले असता झटके येतात; यावरून रुग्णांतील स्नायूंचे उसळणे, भ्रम, साध्या स्पर्शानेही वेदना होणे ही लक्षणे त्याच्या माथी मारली जातात. माणसात हा संबंध तितक्या स्पष्टपणे सिद्ध झालेला नाही. तरीही वेदना वाढल्याच्या समजुतीने मात्रा वाढवत नेण्यापूर्वी ही शक्यता पडताळणे शहाणपणाचे.

औषधांची निवड : कोडीनचा काही भाग शरीरात मॉर्फीनच बनतो, म्हणून ते टाळतात, खोकल्याच्या काही सिरपांतही ते असते, हे रुग्णाच्या लक्षात येत नाही. पेथिडीनचे नॉरपेथिडीन होते आणि ते साठून झटके येतात. या रुग्णांत ते पूर्णपणे वर्ज्य. ट्रॅमॅडॉल व त्याचे क्रियाशील रूप मुख्यतः लघवीवाटेच जाते. क्रिअ‍ॅटिनीन निरसन (क्रिअ‍ॅटिनीन हा रक्तातील टाकाऊ पदार्थ मूत्रपिंड किती वेगाने काढते याचे माप) मिनिटाला ३० मिलि. च्या खाली असेल तर दोन मात्रांत १२ तासांचे अंतर ठेवावे, दिवसाला २०० मिग्रॅ. ओलांडू नये व दीर्घकाळ झिरपणाऱ्या गोळ्या देऊ नयेत, अशी शिफारस आहे. अनेक तज्ज्ञ १०० मिग्रॅ. वरच थांबतात. जिल्ह्यातील दवाखान्यांत सौम्य पर्याय म्हणून ते सर्रास लिहिले जाते. मूत्रपिंडाच्या रुग्णात ते तितके सौम्य नाही. टॅपेंटॅडॉल तीव्र विकारात वापरण्याची शिफारस नाही.

फेंटॅनिलचे यकृतात निष्क्रिय नॉरफेंटॅनिल होते. त्याची पट्टी ७२ तास चालते, पण ताशी २५ मायक्रोग्रॅमची पट्टी तोंडाने घेतलेल्या दिवसाच्या सुमारे ६०-९० मिग्रॅ. मॉर्फीनइतकी असल्याने अफूजन्य औषधांची सवय नसलेल्याला ती लावत नाहीत. ब्यूप्रेनॉर्फीन मुख्यतः पित्तावाटे शौचातून जाते आणि श्वास मंदावण्यावर त्याच्या परिणामाला मर्यादा असल्याचे दिसते. ताशी ५ मायक्रोग्रॅमची, सात दिवसांची पट्टी ही सुरुवातीसाठी सर्वांत सोयीची. आठवड्यातून दोन-तीनदा डायलिसिसला येणाऱ्याची पट्टी तेथील परिचारिका पाहू व बदलू शकते. मेथॅडोनही मूत्रपिंडावर फारसे अवलंबून नाही, परंतु त्याचे अर्धायुष्य लहरी असून हृदयाच्या विद्युत् लयीवर परिणाम होतो. ते अनुभवी हातीच असावे. मॉर्फीनशिवाय इलाज नसेल तेव्हा २.५ मिग्रॅ. सारखी अल्प मात्रा, अंतर वाढवून, आणि दीर्घकाळ झिरपणारी गोळी टाळून देतात.

कार्याचे मापन : नुसत्या क्रिअ‍ॅटिनीनवर विसंबल्यास फसगत होते. कॉकक्रॉफ्ट व गॉल्ट यांच्या १९७६ च्या सूत्रानुसार क्रिअ‍ॅटिनीन १.४ मिग्रॅ./डेसिलि. असलेल्या ३५ वर्षांच्या, ८० किग्रॅ. वजनाच्या पुरुषाचे निरसन मिनिटाला सुमारे ८३ मिलि. येते; तोच आकडा असलेल्या ७० वर्षांच्या, ४० किग्रॅ. वजनाच्या स्त्रीचे सुमारे २४. अहवालावर दोघांचे क्रिअ‍ॅटिनीन ‘थोडे वाढलेले’ एवढेच दिसते. मात्रा मात्र दोघांना सारखी देता येत नाही. जुलाब, उलट्या किंवा उन्हाने शरीर शुष्क झाल्यास हे गणितही कोलमडते, कारण क्रिअ‍ॅटिनीन एक-दोन दिवस मागून वाढते.

डायलिसिसने मॉर्फीन व त्याची ग्लुकुरोनाइडे अंशतः निघतात. मेंदूतील साठा मागाहून रक्तात उतरत असल्याने दोन सत्रांमध्ये गुंगी पुन्हा येऊ शकते. फेंटॅनिल व ब्यूप्रेनॉर्फीन फारसे निघत नाहीत, त्यामुळे त्यांचा परिणाम सत्राच्या आधी व नंतर साधारण सारखाच राहतो.

विषबाधेची लक्षणे : वाढती झोप, टाचणीएवढ्या बाहुल्या, मंद श्वास, हातापायांना अचानक बसणारे हिसके, नसलेल्या वस्तू दिसणे. घरच्यांच्या नजरेला बहुधा हिसकेच आधी पडतात : हातातला चहाचा कप उडतो. मूत्रविषरक्तता (मूत्रपिंड निकामी होऊन रक्तात टाकाऊ द्रव्ये साठणे) वाढल्यानेही असेच होत असल्याने ‘किडनीचं वाढलंय’ म्हणून सोडून देण्याकडे कल असतो. अलीकडे कोणती गोळी सुरू झाली, हे आधी विचारावे. श्वास मंदावल्यास नॅलॉक्सोन हे उतारा औषध देतात. त्याचा अंमल जेमतेम तास-दीड तासाचा, साठलेल्या ग्लुकुरोनाइडांचा त्याहून कितीतरी जास्त. म्हणून एकदा जागा झालेला रुग्ण लगेच घरी पाठवीत नाहीत. गॅबापेंटिन व प्रीगॅबॅलिन ही नसांच्या वेदनेची औषधे लघवीवाटेच जातात, आणि अफूजन्य औषधासोबत ती दिल्यास दोन्हींची गुंगी एकमेकींत मिसळते.

बद्धकोष्ठ जवळजवळ ठरलेलेच. मॅग्नेशियम किंवा फॉस्फेटयुक्त रेचके या रुग्णांत चालत नाहीत. इसबगोलाला भरपूर पाणी लागते आणि पाणी मोजून पिणाऱ्याला ते जमत नाही. लॅक्ट्युलोज, सोनामुखी वा बिसाकोडिल हे पर्याय उरतात. पट्टी लावलेल्या जागी गरम पिशवी ठेवू नये वा विटेचा शेक देऊ नये, कारण उष्णतेने औषध वेगाने शोषले जाते. कंबर-पाठ शेकणे हा घरोघरचा उपाय असल्याने हे पट्टी देतानाच बजावणे बरे. तापातही हीच काळजी घ्यावी.

सातारा व सांगली : मिरजेला विल्यम वॉनलेस यांच्या १८९४ च्या रुग्णालयापासून वैद्यकीय केंद्र म्हणून ओळख मिळाली, तेथील शासकीय वैद्यकीय महाविद्यालय १९६२ चे. साताऱ्यात कराड हे दुसरे मोठे केंद्र. महात्मा जोतिराव फुले जन आरोग्य योजनेत डायलिसिसचा समावेश असल्याने त्यासाठी जत, आटपाडी, माण, खटाव या तालुक्यांतूनही रुग्ण नियमित ये-जा करतात.

कायदा : अंमली औषधिद्रव्ये व मनोव्यापारावर परिणाम करणारे पदार्थ अधिनियम, १९८५ मुळे मॉर्फीन रुग्णालयांतून जवळपास हद्दपार झाले होते. २०१४ च्या दुरुस्तीने ‘अत्यावश्यक अंमली औषधे’ हा वर्ग आला; त्यात मॉर्फीन, फेंटॅनिल, मेथॅडोन, ऑक्सिकोडोन, कोडीन व हायड्रोकोडोन यांचा समावेश असून राज्याच्या औषध नियंत्रकांनी मान्यता दिलेल्या वैद्यकीय संस्था ती बाळगू व देऊ शकतात. ट्रॅमॅडॉल २०१८ मध्ये या कायद्याखाली आले. ब्यूप्रेनॉर्फीन आधीपासूनच होते. मान्यताप्राप्त संस्था दूर असली की डॉक्टरचा हात हाताशी असलेल्या ट्रॅमॅडॉलकडे वळतो, आणि मूत्रपिंडाच्या रुग्णाला गैरसोयीचे औषध मिळण्याचे ते एक कारण आहे. वापरलेल्या पट्टीतही औषध शिल्लक राहते. चिकट बाजू आत घेऊन ती दुमडतात आणि मुलांच्या हाती लागणार नाही अशा रीतीने टाकतात. रुग्ण गेल्यानंतर उरलेल्या मॉर्फीनच्या गोळ्या घरी न ठेवता दिलेल्या संस्थेकडे परत करतात.