पार्श्वभूमी: सतरा सीझन, सात टीम आणि एक फिरता डिफेन्सिव्ह टॅकल

जेफ झगोनिना हे नाव एनएफएल (अमेरिकन फुटबॉलची मोठी लीग) बघणाऱ्या पब्लिकलाही पटकन आठवत नाही, त्यात कोणाची चूक नाही. १९९३ ते २००९, सतरा सीझन. पिट्सबर्ग, कॅरोलायना, अटलांटा, सेंट लुईस, इंडियानापोलिस, परत सेंट लुईस, मग मायामी आणि शेवटी ह्यूस्टन. सेंट लुईसला दोनदा. विंचवाचं बिऱ्हाड पाठीवर म्हणतात ना, अगदी तसं. पण असं फिरत राहून पोट भरणं हे त्या लीगमध्ये पूर्वीपासून चालत आलेलं नाहीये, त्यामागे कोर्टकचेऱ्यांचा मोठा इतिहास आहे आणि तो कळला की या माणसाचं करिअर जास्त इंटरेस्टिंग वाटतं.

आधी कामाचं स्वरूप. हा पायाने खेळायचा फुटबॉल नव्हे, हेल्मेटवाला. डिफेन्सिव्ह टॅकल म्हणजे रांगेत मधोमध उभा राहणारा गडी, समोरून कधी एक कधी दोन दीडशे किलोच्या आसपासची धुडं अंगावर येतात, त्यांना छातीवर घ्यायचं आणि जागा सोडायची नाही. त्यामुळे मागचा लाइनबॅकर मोकळा राहतो, तो धावत येऊन बॉलवाल्याला पाडतो आणि स्कोअरशीटवर नाव त्याचं लागतं. शिवाय एवढं वजन घेऊन प्रत्येक प्लेला तसंच भिडणं शक्य नसतं, म्हणून आलटून पालटून चार-पाच जण वापरतात. म्हणजे तिसरा-चौथा गडी प्रत्येक टीमला लागतोच, फक्त तो कोण यावर कोणी फार पैसे घालवत नाही.

आता मागे जाऊ. साठच्या दशकापासून लीगमध्ये रोझेल रूल होता, कमिशनर पीट रोझेलच्या नावाचा. कॉन्ट्रॅक्ट संपलं तरी खेळाडू दुसऱ्या टीमकडे गेला तर त्या टीमने जुन्या टीमला भरपाई द्यायची आणि किती ते कमिशनर ठरवणार. असला आंधळा व्यवहार कोण करणार? कोणी करत नव्हतं. जॉन मॅकी नावाचा खेळाडू कोर्टात गेला, १९७६ मध्ये वरच्या कोर्टानेही तो नियम बेकायदा ठरवला, आणि मग १९७७ च्या करारात युनियनने भरपाईची पद्धत वेगळ्या रूपात परत मान्य केली (हे मला आजही झेपत नाही, जिंकलेली केस टेबलावर परत द्यायची!). १९८७ मध्ये याच मुद्द्यावर संप झाला, २४ दिवस चालला, मालकांनी बदली खेळाडू आणून मॅचेस खेळवल्या आणि संप मोडला.

त्यानंतर १९८९ मध्ये मालकांनी प्लॅन बी काढला. प्रत्येक टीमने ३७ खेळाडू राखून ठेवायचे, बाकीचे मोकळे. यातली गंमत बघा, स्टार लोक अडकलेले आणि बेंचवरचे मात्र फ्री. फिरत्या खेळाडूची खरी सुरुवात मी तरी इथूनच धरतो. १९९२ मध्ये फ्रीमन मॅकनील या खेळाडूच्या केसमध्ये मिनियापोलिसच्या ज्युरीने प्लॅन बी मोडीत काढला, मग स्टार खेळाडू रेजी व्हाइटच्या नावाने दावा, तडजोड, आणि १९९३ पासून ठरावीक वर्षं खेळलेल्या सगळ्यांना मोकळीक. व्हाइट स्वतः फिलाडेल्फिया सोडून ग्रीन बेला गेला, १.७ कोटी डॉलर्सला. मालकांना बदल्यात मिळाला सॅलरी कॅप, म्हणजे टीमच्या एकूण पगारखर्चावर मर्यादा, १९९४ मध्ये टीममागे ३ कोटी ४६ लाख डॉलर्स.

झगोनिना नेमका त्याच १९९३ मध्ये पर्ड्यू युनिव्हर्सिटीतून आला, ड्राफ्टमध्ये (टीम्स नवे खेळाडू पाळीपाळीने निवडतात ते) सातव्या राउंडला, १८५ वा. टायमिंग म्हणतात ते हेच. कारण कॅप आला की हिशोब असा होतो की दोन-चार स्टार्सवर पैसा ओतायचा आणि बाकीच्या जागा स्वस्तात भरायच्या, मग एकतर कोवळी पोरं नाहीतर काम माहीत असलेले, जास्त न मागणारे जुने लोक. मधल्या फळीची सगळ्यात जास्त वाट लागली. पुढे जुने लोक महाग पडायला लागले, कारण किमान पगार अनुभवाप्रमाणे वाढतो, तेव्हा २००२ च्या सुमारास सवलत आली की किमान पगारावर घेतलेल्या सीनियरचा पगार कॅपमध्ये कमी अनुभवाच्या खेळाडूइतकाच धरायचा. तिशी ओलांडलेल्यांना यामुळे बरीच वर्षं मिळाली.

पिट्सबर्गला दोन सीझन झाले, मग १९९५ ला कॅरोलायना, नवी कोरी टीम, आणि तिथला हेड कोच डॉम केपर्स म्हणजे पिट्सबर्गचाच आधीचा डिफेन्सिव्ह कोऑर्डिनेटर, म्हणजे बचावाचा मुख्य कोच. ओळखीचा कोच जिकडे, त्याची माणसं तिकडे, हे या धंद्यात फार चालतं. नशीब कसं, तर त्याच सीझनला पिट्सबर्ग सुपर बोलपर्यंत, म्हणजे लीगच्या फायनलपर्यंत पोचलं (हरले म्हणा, डॅलसकडून). मग अटलांटा एक वर्ष, सेंट लुईस एक वर्ष, इंडियानापोलिस एक वर्ष, जिथे पुढे गाजलेल्या क्वार्टरबॅक (बॉल फेकून हल्ला चालवणारा) पेटन मॅनिंगचा पहिलाच सीझन होता आणि टीम १६ पैकी ३ मॅच जिंकली.

१९९९ ला तो परत सेंट लुईसला आला. त्या रॅम्सची (सेंट लुईसची टीम) आठवण निघाली की सगळे क्वार्टरबॅक कर्ट वॉर्नर आणि त्यांचा ऑफेन्सच सांगतात, पण त्या वर्षी रनिंग प्लेजवर (बॉल घेऊन पळत पुढे जाण्याचे डाव) सगळ्यात कमी यार्ड देणारी टीमही तीच होती, आणि ते मधल्या ढिगाऱ्यात उभं राहणाऱ्यांमुळे. डीमार्को फार आणि रे ॲग्न्यू पुढे, झगोनिना त्यांना दम खायला मिळावा म्हणून आत-बाहेर. ३० जानेवारी २००० ला अटलांटात सुपर बोलमध्ये टेनेसीला २३-१६ ने हरवलं, ती मॅच जी शेवटच्या प्लेला एका यार्डावर अडली. विजेत्यांची अंगठी मिळाली. दोन वर्षांनी न्यू इंग्लंडकडून फायनल हरले तेव्हाही तो टीममध्ये होताच.

मायामीची चार आणि ह्यूस्टनची तीन वर्षं पटकन सांगून टाकतो, कारण टीम म्हणून फार काही झालं नाही, फक्त २००९ ला ह्यूस्टनचा रेकॉर्ड इतिहासात पहिल्यांदा प्लसमध्ये गेला, ९-७. तेव्हा झगोनिना ३९ वर्षांचा होता, आणि ज्या लीगमध्ये खेळाडूंची युनियनच सरासरी करिअर तीन-साडेतीन वर्षांचं सांगते तिथे ३९ व्या वर्षी त्या मधल्या रांगेत उभं राहणं म्हणजे गुडघ्यांना विचारा.

नंतर कोचिंग. २०१७ आणि २०१८ ला सॅन फ्रान्सिस्कोचा डिफेन्सिव्ह लाइन कोच, मग तिथून डच्चू. पुढे वॉशिंग्टनला असिस्टंट म्हणून लागला, आणि ऑगस्ट २०२२ मध्ये, सीझन अगदी तोंडावर आलेला असताना, तिथल्या मुख्य लाइन कोचला काढलं आणि ती जागा ह्याला दिली.