स्प्रिंगचा नळ आणि खारा वारा

हॉटेलच्या भटारखान्यात भांडी विसळायला एक खास नळ असतो. त्याची मान उंच वाकलेली, तिच्याभोवती स्प्रिंग आणि टोकाला हातात धरून खाली ओढता येणारा फवारा. आता हाच नळ घरच्या ओट्यासाठीही मिळतो. कोकणातल्या स्वयंपाकघरात तो कामाचाच आहे. गणपतीतला मोठा टोप त्याच्याखाली उभा राहतो आणि तिसऱ्यांची (शिंपल्यांची) वाळू किंवा सिंकच्या कोपऱ्यात चिकटलेले खवले फवाऱ्याने झटकन निघतात. दुकानात मात्र त्याची निवड चकाकी बघून होते. माझ्या मते निवड दोन गोष्टींवर व्हावी: टाकी किती उंच आहे आणि समुद्र किती जवळ आहे.

आधी टाकी. पाण्याच्या दर १० मीटर उंचीमागे साधारण १ बार (बार हे दाबाचं माप) दाब मिळतो. एकमजली घराच्या स्लॅबवर टाकी असेल, तर तिच्यातलं पाणी ओट्यावरच्या नळापेक्षा जेमतेम ३ मीटर वर असतं, म्हणजे दाब ०.३ बार. वाड्यांमधल्या बहुतेक घरांचं गणित यापेक्षा फार वेगळं नसतं. साध्या नळाला एवढा दाब पुरतो, कारण त्याची वाट रुंद असते. स्प्रिंगच्या नळात पाणी आधी कार्ट्रिजच्या, म्हणजे नळ उघडबंद करणाऱ्या आतल्या भागाच्या, बारीक भोकांतून जातं, मग अरुंद लवचिक नळीतून आणि शेवटी फवाऱ्याच्या सुईएवढ्या छिद्रांतून. प्रत्येक ठिकाणी थोडा दाब खर्च होतो. म्हणूनच अशा नळांच्या खोक्यावर ‘किमान दाब ०.५ बार’ किंवा ‘१ बार’ असं बारीक अक्षरात छापलेलं असतं. दुकानदार ‘फुल प्रेशर’ म्हणून जे दाखवतो, ते त्याच्या पंपाचं प्रेशर असतं.

टाकी उचलून स्टँडवर ठेवली तर? फायदा होतो, पण वाटतो तितका नाही. धारेचा वेग उंचीच्या वर्गमुळाच्या प्रमाणात वाढतो. ३ मीटरचे ४ मीटर केले तर पाणी सुमारे १५ टक्के जास्त येईल. दुप्पट हवं असेल तर टाकी १२ मीटरवर न्यावी लागेल. त्यापेक्षा छोटा प्रेशर पंप परवडतो, फक्त पावसात लाइट गेली की तो मुका होतो. मधला मार्ग असा की कमी दाबावर चालणारा नळ निवडायचा आणि टाकीपासून ओट्यापर्यंतची पाइप कमीत कमी कोपरांची आणि जाड ठेवायची. खरेदीआधी घरी एक लिटरचं भांडं आत्ताच्या नळाखाली भरून बघा. नळ पूर्ण सोडूनही दहा सेकंदांपेक्षा जास्त लागत असतील, तर फवारा तुमची निराशा करणार.

आता खारं. लाटा फुटताना उडालेले सूक्ष्म थेंब वाऱ्याबरोबर आत येतात, वाटेत सुकतात आणि त्यांतलं मीठ नळावर बसतं. मिठाचा एक गुण इथे नडतो: हवेतली आर्द्रता साधारण ७५ टक्क्यांच्या वर गेली की ते हवेतलं पाणी शोषून स्वतःच विरघळतं. पावसाळ्यात किनाऱ्यावर आर्द्रता याहून खाली क्वचितच येते. त्यामुळे नळ कोरडा दिसला तरी त्यावर खाऱ्या पाण्याचा पातळ थर असतो आणि त्यातला क्लोराइड धातूला कुरतडत राहतो. क्रोमचा मुलामा मायक्रॉनच्याही अंशाएवढा असतो आणि त्यात डोळ्यांना न दिसणाऱ्या भेगा असतात. क्लोराइड तिथून खालच्या निकेलपर्यंत आणि मग पितळेपर्यंत पोचतो. हिरवट ठिपके आणि फुगलेला मुलामा दिसतात, ते याचे.

स्टेनलेस स्टीलचं रक्षण त्याच्यावरची क्रोमियम ऑक्साइडची अतिपातळ साय करते. खरवडली तर हवेतल्या ऑक्सिजनने ती पुन्हा धरते. स्प्रिंगच्या वेढ्यांमधल्या फटीत मात्र ऑक्सिजन कमी आणि मीठ जास्त, म्हणून गंज आधी तिथेच दिसतो. ३०४ प्रतीचं स्टील आतल्या गावात ठीक. समुद्र दारात असेल तर दोन-तीन टक्के मॉलिब्डेनम हा धातू असलेलं ३१६ घ्यावं. दुकानात लोहचुंबक लावून पारख करतात, पण त्यावर फार विसंबू नये. चांगल्या ३०४ ची तार गार ओढून स्प्रिंग केली की तीही थोडी चिकटते. उलट पितळ आणि स्वस्त जस्ताची मिश्रधातू, दोन्ही चिकटत नाहीत. त्यांना ओळखायला वजन बरं. पितळेची घनता पाण्याच्या साडेआठ पट, जस्ताच्या मिश्रधातूची पावणेसात पटीच्या आत, आणि मुलामा दिलेलं प्लॅस्टिक हातात घेताच कळतं.

बसवणं प्लंबरवर सोपवलं तरी तीन गोष्टी बघाव्या. ग्रॅनाइटला भोक बहुधा ३५ मिलिमीटरचं लागतं, आणि ते पाडण्याआधी वर खिडकीची झडप किंवा कपाट नळाच्या मानेला आडवं येत नाही ना, हे मोजावं. नळाचा कनेक्टर (जोडनळी) जोडण्याआधी अँगल कॉक, म्हणजे ओट्याखालचा पाणी बंद करायचा छोटा नळ, उघडून पाणी बादलीत सोडावं. कार्ट्रिजच्या आत दोन चकत्या एकमेकींवर घासून पाणी बंद करतात. त्या ॲल्युमिनाच्या, म्हणजे वाळूपेक्षाही कठीण असतात, पण पाइपांतली रेती शेजारच्या रबरी सीलमध्ये अडकली की थेंब सुरू होतो. तिसरी गोष्ट नॉन-रिटर्न व्हॉल्व्ह, म्हणजे पाणी एकाच दिशेने जाऊ देणारी झडप. मासळीच्या पाण्याने भरलेल्या टोपात फवारा उघडाच बुडालेला आहे, टाकी संपली आहे आणि कोणी मागीलदारचा खालचा नळ सोडला, तर ते पाणी उलटं पाइपांत ओढलं जाऊ शकतं. नळात हा व्हॉल्व्ह नसेल तर वेगळा बसवून घ्यावा.

देखभालीत विशेष कष्ट नाहीत. रात्री गोड्या पाण्याने ओल्या केलेल्या फडक्याने नळ पुसून लगेच कोरडा करायचा, स्प्रिंगच्या वेढ्यांतून जुना टूथब्रश फिरवायचा. कोकमाचं आगळ उडालं तर तिथल्या तिथे धुवावं: त्यात आम्लही आहे आणि मीठही, मुलाम्याला दोन्ही नकोत. संडास धुण्याचं ॲसिड नळावर कधीच नाही. हायड्रोक्लोरिक आम्ल क्रोम चक्क विरघळवतं. पाण्यात लोह असेल तर फवाऱ्याच्या जाळीवर तांबूस गाळ धरतो. ती जाळी काढून पातळ व्हिनेगरमध्ये थोडा वेळ बुडवावी आणि चोळून धुवावी.

जास्त हाल होतात ते चाकरमान्यांच्या बंद घरातल्या नळाचे. वापर नसल्याने मीठ धुतलंच जात नाही आणि बंद खोलीतली दमट हवा त्याला महिनोन्‌महिने ओलं ठेवते. कुलूप लावण्याआधी अँगल कॉक बंद करून नळ उघडून रिकामा करावा, गोड्या पाण्याने पुसून वर गाडीच्या पॉलिशचं मेण पातळ फिरवावं. गणपतीला आल्यावर आधी फवाऱ्याचं तोंड फिरवून काढायचं आणि मगच पाणी सोडायचं, म्हणजे पाइपांतला गाळ जाळीत न बसता थेट सिंकमध्ये जातो.